संत्र्याचा गोठवलेला चक्का

दुधात संत्र्याचा रस घातला की दूध फाटतं, हे सांगायला रसायनशास्त्राची पदवी लागत नाही. नागपुरात तर मुळीच लागत नाही. तरीही दर हिवाळ्यात ओळखीपाळखीत कोणीतरी संत्र्याचं आइस्क्रीम करायला निघतंच. दूध आटवायचं, साखर घालायची, गार करायचं आणि मोठ्या उत्साहाने त्यात ताजा रस ओतायचा. पुढचं ठरलेलं असतं: पातेल्यात एकीकडे पाणी, एकीकडे चोथा. मग फोन माझ्याकडे येतो, कारण मी शाळेत रसायनशास्त्र शिकवायचे आणि निवृत्तीनंतर माझा बराचसा वेळ स्वयंपाकघरातच जातो. "बाई, कॉर्नफ्लॉवर घातलं तर सावरेल का?" सावरेल थोडंफार. पण आंबट फळाची गाठ दुधाशी बांधायचीच कशाला? दही आहे ना घरात!

माझ्या सासूबाई याला विरुद्ध आहार म्हणायच्या. दुधाबरोबर आंबट फळं खाऊ नयेत, असं आयुर्वेदात सांगितलंय, तेच त्या मला ऐकवायच्या. पोटात काय होतं त्याबद्दल मी बोलणार नाही, तो माझा विषय नाही. पातेल्यात काय होतं ते मात्र सांगू शकते. दुधातलं केसीन नावाचं प्रथिन अगदी बारीक पुंजक्यांच्या रूपात तरंगत असतं. या पुंजक्यांवर सारखाच विद्युतभार असतो, म्हणून ते एकमेकांना दूर ढकलतात आणि दूध एकजीव दिसतं. दुधाचा पीएच असतो साधारण ६.७. आंबटपणा वाढत वाढत पीएच ४.६ च्या आसपास उतरला की हा भार संपतो आणि पुंजके एकमेकांना चिकटतात. रस ओतल्यावर हे एका झटक्यात, वेडंवाकडं होतं. विरजणातले जिवाणू तेच काम रात्रभर सावकाश करतात, म्हणून दह्याची कवडी मऊ आणि सलग लागते. थोडक्यात, दही आधीच त्या मुक्कामाला पोचलेलं असतं. त्यात संत्रं घाला, लिंबू घाला, आता फाटायचं काही शिल्लकच नाही.

मॉलमध्ये काचेच्या काउंटरमागे यंत्रातून पिळून देतात ते फ्रोझन योगर्ट याच तत्त्वावर उभं आहे. ते मूळचं अमेरिकेचं. १९७० च्या दशकात तिकडच्या न्यू इंग्लंड भागात हूड या दूध कंपनीने ते बाजारात आणलं. १९८१ मध्ये आर्कन्सा राज्यातल्या लिटल रॉक गावात टीसीबीवायचं पहिलं दुकान निघालं. पुढे २००५ मध्ये लॉस एंजेलिसजवळच्या वेस्ट हॉलिवुडमध्ये पिंकबेरी सुरू झालं आणि मुद्दाम आंबट ठेवलेल्या चवीची लाट आली. आपल्याकडे पोचेपर्यंत त्यातला आंबटपणा बराच निवळला होता. त्या पेल्यातली ऑरेंजची चव मला गोळीसारखी लागते, त्यामुळे मी तिकडे पैसे घालवत नाही. श्रीखंडासाठी चक्का बांधणाऱ्या घराला असली गोष्ट बाहेरून आणायची गरजही नाही.

मात्र घरी करताना एकच शत्रू सतत समोर येतो, तो म्हणजे पाणी. म्हशीच्या घट्ट दह्यातही ८० टक्क्यांहून जास्त पाणी असतं आणि संत्र्याच्या रसात ८८ टक्क्यांच्या आसपास. ही दोन्ही एकत्र करून डब्यात भरली आणि फ्रीजरमध्ये ठेवली, तर सकाळी जे निघतं ते चमच्याने खाण्याजोगं नसतं. घरच्या फ्रीजरमध्ये मिश्रण हळूहळू गोठतं, आणि हळूहळू गोठणाऱ्या पाण्याला मोठे, टोकदार स्फटिक करायला भरपूर वेळ मिळतो. कारखान्यातलं यंत्र मिश्रणाचा पातळ थर अतिथंड भिंतीवर गोठवतं आणि पातं तो लगेच खरवडून काढतं, त्यामुळे स्फटिक जिभेला जाणवणार नाहीत इतके बारीक राहतात. शिवाय त्यात हवा फेटली जाते. आपल्याकडच्या नियमांप्रमाणे एक लिटर आइस्क्रीमचं वजन किमान ५२५ ग्रॅम असावं लागतं. म्हणजे उरलेला जवळजवळ निम्मा डबा हवेने भरला तरी चालतं. घरी ना ती भिंत, ना ती हवा. आपल्या हातात एकच आहे: गोठायला पाणीच कमी ठेवायचं. दह्यातूनही कमी करायचं आणि रसातूनही.

दह्याचं सोपं आहे. दीड लिटर म्हशीचं साय न काढलेलं दूध उकळून, कोमट करून विरजायचं. दही फार आंबू द्यायचं नाही. घट्ट लागलं की मलमलच्या फडक्यात बांधून टांगायचं. नागपूरच्या थंडीत रात्रभर बाहेर टांगलं तरी चालतं, उन्हाळ्यात चाळणीत ठेवून फ्रीजमध्येच निथळू द्यावं. सकाळी साधारण ६०० ग्रॅम चक्का मिळतो. दूध पातळ असेल तर थोडा कमी. खालचं पाणी फेकू नका, कणीक त्यात भिजवा. डेअरीतला तयार चक्काही चालतो, फक्त घेण्याआधी चाखून बघा. श्रीखंडात साखर इतकी असते की शिळ्या चक्क्याचा आंबूस वास लपून जातो. इथे तो लपत नाही, उलट संत्र्याबरोबर जास्त उघडा पडतो. चक्का पुरणयंत्रातून बारीक जाळीवर काढायचा. मिक्सरमधून फिरवलेला चक्का सैल होतो आणि त्याचं लोणी सुटण्याचीही भीती असते, म्हणून हे काम हातानेच केलेलं बरं.

रसातलं पाणी काढणं जरा अवघड. पहिला उपाय कोणालाही सुचतो: रस आटवायचा. पण आटवलेला रस चाखून पाहा. गोड असतो, आंबट असतो, फक्त त्यात संत्रं नसतं. वास उडून जातो आणि मुरंब्यासारखी शिजलेली चव मागे राहते. शिवाय उष्णतेने कडवटपणा वाढतो, त्याकडे पुढे येतेच.

यावर लहान मुलांना ठाऊक असलेला एक उपाय आहे. शाळेबाहेर प्लास्टिकच्या नळीत गोठवलेला पेप्सीकोला मिळायचा. तो चोखताना पहिल्यांदा सगळा रंग आणि सगळी गोडी तोंडात यायची आणि शेवटी नळीत फिकट, बेचव बर्फ उरायचा. त्यातच सगळं शास्त्र आहे. साखरपाणी गोठतं तेव्हा आधी शुद्ध पाण्याचे स्फटिक बनतात आणि साखर, आम्ल, रंग हे सगळं स्फटिकांच्या मधल्या फटींत ढकललं जातं. वितळताना तोच दाट पाक आधी सुटतो. म्हणून संत्र्याचा अर्धा लिटर गाळलेला रस बाटलीत भरून (वर चार बोटं जागा सोडून, नाहीतर बाटली तडकते) पूर्ण गोठवायचा. मग झाकण काढून ती बाटली भांड्यावर उलटी धरून ठेवायची आणि थेंबथेंब रस खाली पडू द्यायचा. पहिला २०० मिलिलिटर रस जमला की बाटली उचलायची. खाली गडद केशरी, जिभेला झणका देणारा रस असतो आणि बाटलीत फिकट बर्फ. तो बर्फ सरबतात टाका. चूल पेटवावी लागली नाही, वासही टिकला.

फ्लोरिडातल्या संत्रावाल्यांनाही हेच कोडं पडलं होतं. रस दाट करून गोठवला तर वाहतूक स्वस्त पडते, पण चव मरते. तिथल्या शास्त्रज्ञांनी १९४० च्या दशकात तोडगा काढला: रस हवा त्याहून जास्त दाट करायचा आणि मग त्यात थोडा ताजा रस परत मिसळायचा. १९४८ मध्ये त्याचं पेटंट मिळालं आणि अमेरिकेत सकाळच्या न्याहारीला डब्यातला संत्रारस आला. त्यांनी वास परत आणण्यासाठी ताजा रस वापरला. आपण साल वापरणार आहोत.

आता मुख्य गोष्ट. संत्र्याचा वास रसात नसतोच म्हटलं तरी चालेल, तो सालीत असतो. लहानपणी भावंडांच्या डोळ्यांत सालीचा फवारा उडवला नाही असा माणूस विरळा. तो फवारा म्हणजे सालीच्या केशरी थरातल्या बारीक पिशव्यांमधलं तेल. मी वर्गात साल मेणबत्तीजवळ पिळून दाखवायचे. ज्योत तडतडली की मागच्या बाकावरची मुलंही पुढे यायची. या तेलात नव्वद टक्क्यांहून अधिक लिमोनीन असतं. ते पाण्यात विरघळत नाही, स्निग्ध पदार्थात विरघळतं. म्हणूनच सालीच्या किसाने सरबत जितकं खुलतं त्याहून चक्का कितीतरी जास्त खुलतो: म्हशीच्या दुधाची साय ते तेल धरून ठेवते आणि तोंडात वितळताना सावकाश सोडते. साय काढलेल्या दुधाचा 'डाएट' चक्का वापरून हा पदार्थ करणाऱ्यांनी म्हणूनच माझ्याकडे तक्रार आणू नये.

किसायचं कसं? नागपुरी संत्र्याची साल पोकळ, सैल असते. सोलल्यावर ती किसणीवर धरता येत नाही, म्हणून अख्खं संत्रंच किसायचं. मोठी खोबऱ्याची किसणी नको. जायफळाची छोटी किसणी या कामाला उत्तम. हात हलका ठेवून फक्त केशरी थर घ्यायचा, पांढरं दिसायला लागलं की संत्रं फिरवायचं. बाजारातल्या चकचकीत फळांवर मेणाचा थर असतो, तेव्हा आधी कोमट पाण्यात ब्रशने घासून धुवून पुसून घ्या. चार संत्र्यांचा कीस पुरे. तो १५० ग्रॅम साखरेत टाकून बोटांनी चांगला चोळायचा. साखरेच्या कण्या तेलाच्या पिशव्या फोडतात, साखर ओलसर केशरी होते आणि घरात कोणी नुकतंच संत्रं सोललंय असं वाटायला लागतं. तासभर झाकून ठेवा.

आमच्या दिरांची काटोलकडे बाग आहे. मोठी फळं कळमन्याच्या बाजारात जातात आणि बारीक राहिलेल्या मालाची पोती आमच्या पडवीत येतात. "वहिनी, हा चुरी माल बाजारात कोणी पुसत नाही, तुम्हीच पाहा याचं काय करायचं ते." मला तोच माल हवा असतो. लहान फळात रसाच्या मानाने साल जास्त असते, आणि आपल्याला सालच पाहिजे. बागेतून थेट आलेलं म्हटल्यावर मेणही नसतं. आंबिया बहाराची फळं पावसाळा सरल्यावर यायला लागतात, त्यांची साल बरेचदा हिरवट असते. ती पाहून नाक मुरडू नका. सालीचा रंग थंड रात्रींवर अवलंबून असतो, आत गोडी भरली की नाही याच्याशी त्याचा फारसा संबंध नसतो. मृग बहाराची फळं फेब्रुवारीपासून उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत येतात. गारेगार खायची इच्छा तेव्हाच जोर धरते, त्यामुळे मी हा पदार्थ जास्त करून त्याच दिवसांत करते.

कडवटपणाची गोष्ट अर्धी सांगून ठेवली होती. रस काढणाऱ्या गाड्यावर मोसंबीचा रस लगेच पिऊन टाका असं सांगतात, ते उगाच नाही. फळ शाबूत असताना त्यात एक बेचव पदार्थ असतो. रस काढताना पेशी फुटतात, हा पदार्थ रसातल्या आम्लाला भेटतो आणि हळूहळू त्याचं लिमोनिनमध्ये रूपांतर होतं. लिमोनिन जबरदस्त कडू. (वर सांगितलेलं सुवासिक लिमोनीन वेगळं, नावं ठेवणाऱ्यांनी जरा विचार करायला हवा होता.) उष्णतेने हे काम भराभर होतं. बियांमध्ये हे द्रव्य सर्वांत जास्त, म्हणून संत्र्याच्या फोडी बियांसकट मिक्सरमध्ये फिरवणं हा मोठाच आततायीपणा. फोडी हाताने किंवा लिंबू पिळण्याच्या यंत्रावर हलकेच पिळायच्या, पांढरे दोरे काढायचे, बिया वेचायच्या, रस गाळायचा आणि वेळ न दवडता बाटली फ्रीजरमध्ये टाकायची. मिश्रणात चिमूटभर मीठ घालायचं. मिठाने कडवटपणा दबतो.

इतर लिंबूवर्गीय फळं वापरून पाहणारे बरेच असतात, तेव्हा माझं मत स्पष्ट सांगते. जालन्याच्या मोसंबीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, आणि ती खायला उत्तम आहे. पण गोठवायला नको. तिच्यात आम्ल कमी, गार झाल्यावर चव पुसट होते आणि मागाहून येणारा कडवटपणा मात्र ठळक राहतो. पंजाबकडून येणारं किन्नो दिसायला देखणं, रसाळ. ते कॅलिफोर्नियातल्या रिव्हरसाइडच्या संशोधन केंद्रात एच. बी. फ्रॉस्ट यांनी दोन जातींच्या संकरातून तयार केलं आणि १९३५ मध्ये बाहेर आणलं. पण त्यात बिया फार आणि रस लवकर कडवट होतो. दुसरं काही मिळत नसेल तरच घ्या. पपनस, जे गोव्यात गणपतीच्या माटोळीला टांगतात, त्यात नारिंजिन नावाचं वेगळंच कडू द्रव्य असतं आणि ते पहिल्या घासालाच जाणवतं. पपनसाचा रस घालण्याऐवजी सोललेल्या पाकळ्या मोकळ्या करून वरून पसराव्यात, फार छान लागतात. ईडलिंबाची साल जाड आणि सुवासिक, तिचा थोडा कीस चालतो.

आणि कागदी लिंबू? ते तर हवंच. त्याची साल इतकी पातळ की कीस काढताना पांढरा थर लागतोच, म्हणून साल नको, रस घ्या. लिंबाच्या रसात पाच-सहा टक्के सायट्रिक आम्ल असतं, संत्र्याच्या रसात एक टक्क्याच्याही आत. एक मोठा चमचा लिंबाचा रस घातला की मिश्रणाला धार येते. संत्र्याची साल आणि लिंबाचा रस ही माझ्या मते या पदार्थाची खरी जोडी आहे. संत्र्याचा रस केवळ रंगासाठी आणि मानासाठी असतो. २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेल्या नागपुरी संत्र्याबद्दल असं बोललेलं इथे कोणाला आवडणार नाही, पण खरं ते सांगायला हवं.

साखरेकडे लोक फक्त गोडीसाठी पाहतात. गोठवायच्या पदार्थात ती आणखी एक काम करते: पाणी कोणत्या तापमानाला गोठेल हे ठरवते. पाण्यात जितके जास्त रेणू विरघळलेले, तितकं ते उशिरा गोठतं. साखरेच्या रेणूचं वजन ३४२, ग्लुकोजचं १८०. म्हणजे तेवढ्याच वजनात ग्लुकोजचे जवळजवळ दुप्पट रेणू मिळतात, आणि गोडी मात्र साखरेपेक्षा कमी. म्हणून १५० ग्रॅम साखरेच्या जोडीला ४० ग्रॅम ग्लुकोज पावडर घाला. औषधाच्या दुकानात मिळते ती साधी पावडर घ्या, संत्र्याच्या स्वादाची घेतलीत तर सगळी मेहनत वाया. यामुळे मिश्रण दगडासारखं होत नाही, चमचा रुततो. साखर कमी करण्याचा मोह घरोघरी होतो, विशेषतः 'आम्ही गोड कमीच खातो' असं सांगणाऱ्यांना. साखर निम्मी केली की पदार्थ निम्मा गोड होत नाही, तो बर्फाची लादी होतो. शिवाय थंडीने जिभेला गोडी कमी जाणवते. म्हणून गोठवण्याआधी चाखताना मिश्रण किंचित जास्तच गोड लागायला हवं.

आता सगळं एकत्र. चोळलेली साखर आणि ग्लुकोज चक्क्यात मिसळून पुन्हा एकदा पुरणयंत्रातून काढा. दाट केलेला २०० मिलिलिटर संत्रारस, मोठा चमचाभर लिंबाचा रस आणि चिमूटभर मीठ घालून हलक्या हाताने एकजीव करा. मिश्रण भज्यांच्या पिठाइतकं दाट होतं आणि रंग फिकट लोण्यासारखा येतो. खायचा केशरी रंग घालू नका. वेलची घालू नका, जायफळ तर नकोच; किसणीसुद्धा आधी स्वच्छ धुतलेली हवी. श्रीखंडाच्या सवयीने हात डब्याकडे जातो खरा, पण सालीच्या वासापुढे वेलची भांडायला उभी राहते. झाकून फ्रीजमध्ये, फ्रीजरमध्ये नव्हे, चार-पाच तास ठेवा. या वेळात तेल सायीत मुरतं, आणि गार मिश्रण पुढे लवकर गोठतं.

घरात जुना आइस्क्रीमचा पॉट असेल तर तो माळ्यावरून काढाच. हा हाताने फिरवायचा पॉट फिलाडेल्फियातल्या नॅन्सी जॉन्सन या बाईंनी केला, १८४३ मध्ये त्याचं पेटंट घेतलं, आणि तेव्हापासून त्याच्या रचनेत फारसं काही बदललेलं नाही. बादलीत तीन भाग ठेचलेला बर्फ आणि एक भाग खडे मीठ असं वजनाने घ्यायचं. मिठामुळे बर्फ शून्याच्या खाली वितळायला लागतो. वितळायला त्याला उष्णता लागते, ती तो आतल्या डब्यातून ओढून घेतो. एक ग्रॅम बर्फ वितळताना ८० कॅलरी उष्णता शोषली जाते, त्यामुळे ही ओढ चांगलीच जबर असते. बर्फ-मिठाचं तापमान उणे २१ अंशांपर्यंत उतरू शकतं, म्हणजे घरच्या फ्रीजरपेक्षाही खाली. मुलांना आळीपाळीने फिरवायला लावा. वीस-पंचवीस मिनिटांत दांडा जड होतो, तिथे थांबायचं. डबा उघडण्याआधी झाकणावरचं खारं पाणी पुसायला विसरू नका.

पॉट नसेल तर मिक्सर. मिश्रण डब्यात न भरता स्टीलच्या ताटात बोटभर जाडीचं पसरा. पातळ थर लवकर गोठतो आणि धातू उष्णता चटकन बाहेर नेतो. पाच-सहा तासांनी कडक झालं की सुरीने तुकडे करा, आधी फ्रीजरमध्ये ठेवून गार केलेल्या मिक्सरच्या भांड्यात थोडे थोडे घालून थांबून थांबून फिरवा. सलग फिरवलं तर भांडं तापतं आणि मोटरही कुरकुरते. आधी वाळूसारखं होतं, मग एकदम लोण्यासारखं गोळा होऊन फिरायला लागतं. त्या क्षणी बंद. मोठे स्फटिक पात्याने मोडलेले असतात. लगेच गार डब्यात दाबून भरा आणि दोन तास पुन्हा गोठवा. दर अर्ध्या तासाने काट्याने ढवळायची जुनी पद्धतही चालते, पण तिच्यात पोत इतका मऊ येत नाही आणि माणूस दिवसभर घरात अडकतो.

जीएमएस आणि सीएमसी पावडरींबद्दल हमखास विचारतात. साध्या दुधाच्या आइस्क्रीमला त्या उपयोगी पडतात. इथे चक्क्यातलं प्रथिन आणि साय हेच काम करतात, तेव्हा त्यांची गरज नाही. हवाच आधार तर दोन चमचे दूध पावडर घाला. जास्त घातली तर तिच्यातल्या दुग्धशर्करेचे पुढे स्फटिक होतात आणि दातांखाली कचकच करतात.

गोठवल्यावर दह्यातले जिवाणू मरतात का, हाही नेहमीचा प्रश्न. सगळे मरत नाहीत. बरेचसे निपचित पडून राहतात आणि पोटात गेल्यावर पुन्हा जागे होऊ शकतात. पण एवढी साखर घातलेला पदार्थ औषध म्हणून खाऊ नका, चवीसाठी खा.

डबा फ्रीजरच्या दारात ठेवू नका, मागच्या भिंतीला टेकून ठेवा आणि पृष्ठभागावर बटर पेपर दाबून मग झाकण लावा. आपोआप बर्फ वितळवणाऱ्या फ्रीजमध्ये तापमान सतत थोडं वरखाली होत राहतं, दर खेपेला लहान स्फटिक विरघळून मोठ्यांना जाऊन मिळतात आणि पोत खरबरीत होतो. सालीचं तेलही हवेशी संयोग पावून हळूहळू टर्पेंटाइनसारखं वास मारू लागतं. वाढण्याआधी डबा पंधरा मिनिटं खालच्या फ्रीजमध्ये ठेवा, म्हणजे चमचा वाकणार नाही. या मापात एक किलोच्या आसपास होतं, आठ माणसांना पुरतं. दहा दिवसांच्या आत संपवा. त्यानंतर ते खाता येतं, पण त्यात संत्रं उरत नाही.